जुन्या मॅचचे स्टॅट्स कुठे सापडतात आणि ते वाचायचे कसे

ऑनलाइन गेममधली मॅच संपली की स्कोअरबोर्ड थोडा वेळ दिसतो, आपण आपलं नाव शोधतो, के-डी (किती मारले आणि किती वेळा मेलो याचं प्रमाण) बघतो आणि लगेच पुढच्या मॅचच्या क्यूत जातो. पण त्या मॅचमधला जवळजवळ सगळा हिशोब सर्व्हरवर लिहिलेला असतो, कुठल्या राउंडला कोणी कोणाला मारलं, किती डॅमेज दिला, कोण कुठे उभा होता, आणि तो काढायला फार खटपट लागत नाही, फक्त वेळेत काढावा लागतो. सावकाश बघू म्हणत ठेवलं तर हातात नुसता हरलो की जिंकलो एवढंच राहतं.

वेळेचा मुद्दा आधी सांगतो कारण बाकी सगळं त्याच्यावर अडतं. स्टॅट्स वेगळे आणि रिप्ले वेगळा. स्टॅट्स म्हणजे नुसते आकडे, ते बऱ्यापैकी टिकतात. रिप्ले म्हणजे अख्खी मॅच परत बघता येते ती फाइल, आणि ती टिकत नाही. लीग ऑफ लेजंड्समध्ये मॅच ज्या पॅचवर, म्हणजे गेमच्या ज्या अपडेटवर, खेळलात त्याच पॅचवर तिचा रिप्ले चालतो, आणि तिथे साधारण दर दोन आठवड्यांनी पॅच येतो, म्हणजे पॅचच्या आदल्या दिवशी खेळलेली मॅच दुसऱ्या दिवशी बघता येईलच असं नाही. ओव्हरवॉच २ मध्येही नवीन पॅच आला की जुने रिप्ले साफ होतात. डोटा २ आणि काउंटर-स्ट्राइक २ चे रिप्ले सर्व्हरवर काही काळच असतात, एकदा डाउनलोड करून ठेवला की मात्र फाइल तुमच्या डिस्कवर, मग कोणी काढत नाही. पबजीचं पीसी व्हर्जन बाहेरच्या साइटना मॅचचा डेटा १४ दिवसच देतं, त्यामुळे त्या १४ दिवसांत साइटने तुमची मॅच उचललीच नसेल तर ती तिथे नंतर येणार नाही. म्हणून एखादी मॅच मनाला लागली असेल, हातातली सुटली असं वाटत असेल, तर तिचा रिप्ले त्याच दिवशी उतरवून घ्या, बघायचा नंतर कधी ते नंतर ठरवा.

आता कुठे बघायचं. काउंटर-स्ट्राइक २ मध्ये गेममधल्या वॉच टॅबमध्ये तुमच्या मॅच दिसतात, तिथूनच डेमो (इथे रिप्लेला डेमो म्हणतात) डाउनलोड होतो आणि तिथेच चालू करता येतो. शिवाय स्टीमवर गेमशी जोडलेलं पर्सनल गेम डेटा नावाचं पान आहे, तिथे प्रीमियर आणि कॉम्पिटिटिव्ह मॅचची यादी स्कोअरबोर्डसकट असते. बाहेरच्या साइट, म्हणजे लीटिफाय वगैरे, वापरायच्या असतील तर त्या तुमच्याकडे ऑथेंटिकेशन कोड आणि एका मॅचचा शेअर कोड मागतात, हे दोन्ही तुम्हाला स्टीमच्या हेल्प विभागातच मिळतात आणि त्यातून साइटला फक्त तुमच्या मॅच वाचता येतात, अकाउंट हातात जात नाही.

डोटा २ मध्ये प्रोफाइल उघडलं की मॅचची यादी येते, प्रत्येक मॅचला एक मॅच आयडी असतो, तो कॉपी करून डोटाबफ, ओपनडोटा किंवा स्ट्रॅट्झवर टाकला की मॅचचं पान उघडतं. पण सेटिंगमध्ये पब्लिक मॅच डेटा एक्स्पोज करायचा पर्याय चालू हवा, तो बंद असेल तर बाहेरच्या साइटवर तुम्ही दिसतच नाही, आणि बरेच जण साइटलाच दोष देत बसतात. ओपनडोटावर आणखी एक गोष्ट लक्षात ठेवा, मॅच नुसती दिसणं आणि पार्स होणं, म्हणजे साइटने रिप्ले फाइल वाचून आतले तपशील काढणं, यात फरक आहे. पार्स झाली की वॉर्ड (मॅपवर नजर ठेवायला टाकायची वस्तू) कुठे टाकले, कोणत्या मिनिटाला किती लास्ट हिट (शेवटचा घाव घालून गोल्ड मिळवलेले) होते, टीमफाइट कधी झाली, हे सगळं उलगडतं, आणि पार्स करायला रिप्ले सर्व्हरवर शिल्लक असावा लागतो. परत तोच वेळेचा मुद्दा.

व्हॅलरंटमध्ये करिअर टॅबमध्ये मॅच हिस्टरी आहे आणि तिथला टाइमलाइन भाग लोक उघडतच नाहीत, मला तर तोच सगळ्यात कामाचा वाटतो, कारण राउंडनुसार मॅपवर कोण कुठे पडला ते दिसतं. त्याच्या शेजारच्या परफॉर्मन्स भागात समोरच्या प्रत्येक खेळाडूशी तुमचं वैयक्तिक मारामारीचं गणित असतं, म्हणजे ऑपरेटर नावाची स्नायपर बंदूक घेतलेल्या एकानेच तुम्हाला सहा वेळा उडवलं असेल तर ते तिथे लगेच कळतं. ट्रॅकर डॉट जीजीवर बघायचं असेल तर स्वतःच्या रायट (गेमची कंपनी) अकाउंटने साइन इन करून परवानगी द्यावी लागते, नाहीतर प्रोफाइल प्रायव्हेट दिसतं. लीग ऑफ लेजंड्समध्ये क्लायंटमधल्या प्रोफाइलच्या मॅच हिस्टरीत रिप्ले डाउनलोडचं बटण आहे, आणि ओपी डॉट जीजीसारख्या साइटवर शोधताना नावासोबत मागचा टॅगही टाका, २०२३ च्या नोव्हेंबरपासून तिथे जुन्या समनर नावाऐवजी रायट आयडी चालतो, त्यामुळे नुसत्या नावाने भलताच माणूस निघतो.

ओव्हरवॉच २ मध्ये करिअर प्रोफाइलच्या हिस्टरीत रिप्ले असतात आणि रिप्लेचा कोड मित्राला देता येतो. रॉकेट लीगमध्ये मॅच संपल्यावर रिप्ले स्वतःहून सेव्ह करायचा, मग तो बॉलचेझिंग डॉट कॉमवर चढवला की बूस्ट कुठे वाया गेला, मैदानाच्या कुठल्या भागात किती वेळ होतात हे सगळं निघतं. फोर्टनाइटमध्ये रिप्ले रेकॉर्डिंग सेटिंगमध्ये चालू आहे का तेवढं बघून ठेवा.

मोबाईल गेममध्ये रस्ता साधारण एकच, वरच्या कोपऱ्यातल्या प्रोफाइल फोटोवर टॅप करा, आत स्टॅट्स आणि हिस्टरी असे भाग सापडतील, अपडेटनुसार त्यांची नावं आणि जागा बदलतात. पबजी मोबाईल आणि फ्री फायरमध्ये सीझन आणि मोड नीट निवडा, सोलो, ड्युओ, स्क्वॉड यांचे आकडे वेगळे असतात आणि सगळ्यांची सरासरी काढून काही कळत नाही. क्लॅश रॉयालमध्ये बॅटल लॉगमध्ये अलीकडच्या मोजक्याच लढाया राहतात, त्यामुळे प्रोफाइलवरचा प्लेअर टॅग घेऊन रॉयालएपीआयवर बघत जा.

सेफ्टीबद्दल एकदाच सांगतो पण गांभीर्याने घ्या. स्टॅट्सच्या साइटला तुमचा पासवर्ड कधीच लागत नाही. स्टीमने लॉगिन करा म्हटलं तर उघडलेल्या पानाचा पत्ता खरंच स्टीमकम्युनिटी डॉट कॉम आहे का ते अक्षर अक्षर वाचा, एखादं अक्षर बदललेले खोटे पत्ते असतात. आणि स्टीमची वेब एपीआय की (तुमच्या अकाउंटशी जोडलेला गुप्त कोड) कोणी मागितली तर देऊ नका, ती वापरून ट्रेड ऑफरमध्ये फेरफार करून स्किन, म्हणजे शस्त्रांची सजावट, पळवतात.

हे झालं शोधायचं. आता वाचायचं कसं, आणि इथे माझं मत ठाम आहे की के-डी सगळ्यात शेवटी बघावा. राउंड हातातून गेल्यावर पळणाऱ्या माणसाला मागून मारलेली किल आणि बॉम्ब लावायच्या जागेवर पहिली घेतलेली किल, दोन्ही के-डीमध्ये सारख्याच. त्यापेक्षा काउंटर-स्ट्राइक, व्हॅलरंटसारख्या राउंडच्या शूटर गेममध्ये एडीआर बघा, म्हणजे दर राउंडला सरासरी किती डॅमेज दिला. १३-९ ने संपलेली मॅच २२ राउंडची झाली, तिच्यात तुमचा एकूण डॅमेज १७६० असेल तर एडीआर ८०, आणि किल कमी असूनही एडीआर असा असेल तर तुम्ही समोरच्यांना अर्धमेले करून दिलेत, शेवटची गोळी टीममेटची होती. सोबत कास्ट बघा, ज्या राउंडला तुम्ही किल केली, असिस्ट दिला, जिवंत राहिलात किंवा तुम्हाला मारणाऱ्याला टीममेटने लगेच मारलं अशा राउंडची टक्केवारी. त्याच २२ पैकी १५ राउंड असे असतील तर कास्ट ६८ टक्के, उरलेले ७ राउंड म्हणजे तुम्ही असून नसल्यासारखे होतात. रिव्ह्यू त्या ७ राउंडचाच करायचा, बाकीचे १५ पळवले तरी चालतील.

मोबामध्ये, म्हणजे डोटा किंवा लीगसारख्या गेममध्ये, बघायचं असेल तर १० व्या मिनिटाला किती लास्ट हिट होते, दर मिनिटाला किती गोल्ड येत होतं, आणि मरण्यात किती वेळ गेला ते बघा. सपोर्ट असाल तर वॉर्ड आणि व्हिजन स्कोअर. बॅटल रॉयालमध्ये, म्हणजे पबजी किंवा फोर्टनाइटसारख्या गेममध्ये, किलपेक्षा सरासरी डॅमेज आणि किती वेळ टिकलात ही जोडी घ्या, डॅमेज भरपूर पण टिकणं कमी असेल तर तुम्ही फाइट निवडताना चुकताय, निशाणा चुकत नाहीये.

आणि थोड्या मॅचवरून निष्कर्ष काढू नका. नाणं १० वेळा उडवलं तर ७ किंवा जास्त वेळा छापा पडायची शक्यता १७ टक्के असते, म्हणजे दहातल्या सात किंवा जास्त मॅच जिंकणं हे निव्वळ नशिबानेही जवळजवळ दर सहा वेळांत एकदा घडतं. त्यामुळे माउसची नवीन सेन्सिटिव्हिटी लावली आणि दहातल्या सात जिंकल्या म्हणून तीच बरोबर असं नसतं, तीच मॅच-संख्या पन्नासच्या पुढे गेल्यावर बघा मग बोलू.

प्रत्यक्ष रिव्ह्यू करताना एक मरण घ्या आणि त्याच्या दहा-पंधरा सेकंद आधी जा. समजा काउंटर-स्ट्राइकच्या मिराज मॅपवर तुम्ही सीटी (बचाव करणाऱ्या बाजूचे) आहात, ए ही बॉम्बची जागा धरलीय आणि पॅलेसमधून आलेल्याने तुम्हाला मारलं (पॅलेस, रॅम्प, जंगल, कनेक्टर ही मॅपवरच्या जागांची नावं). स्कोअरबोर्डवर याचा अर्थ एवढाच की एक डेथ. डेमोत मागे जाऊन बघितलं तर दिसतं की रॅम्पवरून पावलं ऐकू आल्यावर तुमचा क्रॉसहेअर (नेमाची खूण) रॅम्पवर चिकटला, तोपर्यंत जंगलमधला टीममेट कनेक्टरकडे सरकला होता आणि ते मिनीमॅपवर दिसत होतं, पण तुम्ही मिनीमॅप बघितलाच नाही, त्यामुळे पॅलेसकडे कोणाचीच नजर नव्हती आणि तुम्ही पडल्यावर ट्रेड करायलाही, म्हणजे मारणाऱ्याला लगेच मारायलाही, कोणी नव्हतं. आता हीच डेथ समोरच्याच्या नजरेतून परत बघा, त्याला तुम्ही कधी दिसलात, तो नुसता थांबला होता की त्याला तुमची जागा माहीतच होती. एवढं झालं की पुढच्या मॅचसाठी एकच ओळ लिहायची, टीममेट सरकला की मी मागे यायचं. गोळी का लागली नाही याच्यात लोक अडकतात, पण बऱ्याच वेळा गोळी झाडायच्या आधीच फाइट हरलेली असते आणि ते आकड्यात दिसत नाही, रिप्लेत दिसतं.

ऑनलाइन बुद्धिबळ खेळणाऱ्यांची तर चैन आहे, कारण तिथे प्रत्येक डाव चाल-चाल करून जपलेला असतो आणि पॅचने काही पुसलं जात नाही. चेस डॉट कॉमवर आर्काइव्हमध्ये आणि लिचेसवर प्रोफाइलमध्ये सगळे डाव सापडतात, पीजीएन फाइल (चाली लिहून ठेवायची साधी मजकूर फाइल) म्हणून एकदम उतरवता येतात, आणि लिचेसवर कॉम्प्युटर अ‍ॅनालिसिस फुकट आहे. पण इंजिनने, म्हणजे कॉम्प्युटरने, लाल दाखवलेल्या चुकीच्या चालींपेक्षा आधी वेळेचा आलेख बघा, कुठल्या चालीला किती सेकंद घालवले ते. ओपनिंगच्या पाठ असलेल्या जागेवर दोन मिनिटं विचार केला आणि मग शेवटी दहा सेकंदात प्यादी सांभाळत हरलात, असा डाव चालींवरून कधीच नीट समजत नाही. लिचेसच्या ओपनिंग एक्स्प्लोररमध्ये स्वतःचं नाव टाकलं तर कुठल्या ओपनिंगला तुमचा निकाल काय लागतो तेही चालीगणिक उघडत जातं, काळ्या मोहऱ्यांनी कुठे घसरताय हे शोधायला यासारखं दुसरं काही नाही.

साइटवर भरवसा ठेवण्यापेक्षा स्वतःची एक शीट ठेवा, साधी एक्सेल किंवा फोनमधली नोट चालेल. तारीख, मॅप किंवा हिरो, निकाल, एडीआर किंवा तुमच्या गेमचा जो मुख्य आकडा असेल तो, सोबत कोण होतं, आणि एका ओळीत काय बिनसलं. सोबत कोण होतं हा रकाना टाळू नका, पाच जणांच्या स्टॅकमध्ये आणि एकट्याने क्यू लावून खेळलेल्या मॅचमध्ये तुमचे आकडे एवढे वेगळे येतात की ते एकत्र केले तर दोन्ही खोटे ठरतात. रात्री उशिरा खेळलेल्या मॅचला खूण करा, काही आठवड्यांनी ती खूण असलेल्या ओळी वेगळ्या काढून बघा.

गेमने जुनी हिस्टरी दाखवायचीच बंद केली असेल तर कंपनीच्या प्रायव्हसी पानावर स्वतःचा डेटा मागवायची सोय आहे का ते शोधा. युरोपात २०१८ पासून जीडीपीआर हा वैयक्तिक डेटाच्या संरक्षणाचा कायदा लागू झाल्यावर बऱ्याच मोठ्या कंपन्यांनी असा फॉर्म ठेवलाय आणि काही जण तो सगळ्याच देशांतल्या खेळाडूंना वापरू देतात. फाइल अवघड रूपात येऊ शकते, आकड्यांच्या लांबच लांब ओळी, पण त्यातून तारखेनुसार मॅच वेगळ्या काढता येतात.

आणि मोठा पॅच आला, शस्त्रं किंवा हिरो बदलले, की शीटमध्ये आडवी रेघ मारा आणि तिथून सरासरी नव्याने धरा, रेघेच्या वरचे आकडे खालच्यात मिसळले की तुम्ही सुधारलात की गेम बदलला हे वेगळं काढता येत नाही.