कृष्णवर्णीय विचारपरंपरेचा अभ्यास करायचाय? आधी संडे स्कूलमध्ये जाऊन बसा

अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या या विचारपरंपरेकडे आपल्याकडून येणारे विद्यार्थी साधारण दोन वाटांनी येतात. कोणी सेमिनरीतून (पाळक घडवणाऱ्या धर्मविद्यालयातून), कोणी फुले-आंबेडकर वाचत वाचत. मी पहिल्या वाटेने आलो. दोघेही समाजशास्त्रज्ञ ड्यू बॉइस आणि धर्मशास्त्रज्ञ जेम्स कोन या कृष्णवर्णीय विचारवंतांपासून सुरुवात करतात आणि संडे स्कूल, म्हणजे चर्चमधले रविवारचे मुलांचे धर्मशिक्षणाचे वर्ग, शेवटच्या प्रकरणात उरकतात. माझा सल्ला अगदी उलटा आहे.

कारण इतिहासातच आहे. अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्यात 1829 च्या कायद्याने गुलामांना वाचायला शिकवणं गुन्हा ठरलं. मग चार्ल्स कॉलकॉक जोन्स या गोऱ्या पाळकाने गुलामांसाठी धर्मशिक्षणाची प्रश्नोत्तरी लिहिली. ती तोंडी घोकून घ्यायची, आणि त्यात धन्याची आज्ञा पाळण्याचा धडा हमखास. लंडनमध्ये 1807 साली वेस्ट इंडिजच्या गुलामांसाठी छापलेल्या बायबलमधून तर इस्राएलाच्या सुटकेची गोष्टच गाळली होती! त्यामुळे गुलामगिरी संपल्यावर मुलांचा धडा कोण लिहिणार, हा प्रश्न साधा राहिला नाही. आफ्रिकन मेथडिस्ट एपिस्कोपल या कृष्णवर्णीयांच्या चर्चने 1882 मध्ये स्वतःची संडे स्कूल युनियन काढली. आर. एच. बॉइड या कृष्णवर्णीय पाळकाने 1896 मध्ये नॅशव्हिलला बाप्टिस्ट पंथाच्या कृष्णवर्णीयांचं प्रकाशन मंडळ उभं केलं. या संस्थांची संडे स्कूलच्या धड्यांची पातळ, स्वस्त त्रैमासिकं चाळा. विद्वानांचे वाद मुलांपर्यंत कोणत्या भाषेत पोचले, ते तिथे दिसतं.

मग प्रत्यक्ष चर्चमध्ये जा, शक्यतो ईस्टरला. नवे कपडे घातलेली चार-पाच वर्षांची मुलं दोन-चार ओळी पाठ म्हणतात. एखादं पोर मधेच अडकतं, आई पुढच्या बाकावरून नुसते ओठ हलवते आणि मागून आवाज येतो, ‘टेक युअर टाइम, बेबी!’ सभेत उभं राहून बोलायचं शिक्षण इथे सुरू होतं. पाठ्यपुस्तकात ते सापडत नाही.

कृष्णवर्णीय पाळक आणि शिक्षणतज्ज्ञ बेंजामिन मेज मात्र लवकर वाचा. 1936 च्या अखेरीस ते वायएमसीए या ख्रिस्ती तरुणांच्या संघटनेच्या म्हैसूरमधल्या जागतिक परिषदेसाठी भारतात आले होते. त्याच दौऱ्यात वर्ध्याला गांधीजींना भेटले. 1940 ते 1967 ते अटलांटाच्या मोरहाउस या कृष्णवर्णीयांच्या कॉलेजचे अध्यक्ष होते. तिथे चॅपलमध्ये (कॉलेजच्या प्रार्थनागृहात) दर मंगळवारी ते विद्यार्थ्यांशी बोलत, आणि 1944 मध्ये पंधरा वर्षांचा मार्टिन ल्यूथर किंग तिथेच दाखल झाला. वर्ध्याचा धागा किंवा फुल्यांनी 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ हे पुस्तक गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकन लोकांना अर्पण केल्याचं पाहून आपला जीव सुखावतो, पण त्यावर अख्खा प्रबंध उभारू नका. तुलना करायचीच तर दोन्हीकडची कागदपत्रं हाताळल्यावर करा.

पदवीचं थोडक्यात: मास्टर ऑफ डिव्हिनिटी साधारण तीन वर्षांची आणि पाळकपदाकडे नेणारी. नुसतं संशोधनच करायचं असेल तर दोन वर्षांची मास्टर ऑफ थिऑलॉजिकल स्टडीज पुरते. अल्पवयीन मुलांच्या मुलाखती घ्यायच्या असतील, तर विद्यापीठाच्या नीतिसमितीची परवानगी, पालकांची लेखी संमती आणि मुलाचा स्वतःचा होकार, असं सगळं लागतं. यात महिने जातात, म्हणून अर्ज लवकर टाका.

सगळी कागदपत्रं ग्रंथालयात मिळतील अशा भ्रमात राहू नका. वर्धापनदिनाच्या स्मरणिका आणि संडे स्कूलच्या हजेरीवह्या बऱ्याचदा चर्चच्या कपाटात नाहीतर एखाद्या आजींच्या घरी असतात. त्यांना ‘मदर’ किंवा ‘सिस्टर’ म्हणा, नुसत्या नावाने हाक मारू नका. मूळ वही जागेवरच स्कॅन करा आणि एक प्रत चर्चला द्या.