दीपगृहातले रखवालदार गायब होतात तेव्हा: रहस्यकादंबरी लिहिताना या चुका टाळा

दीपगृहातली माणसं नाहीशी होतात आणि किनाऱ्यावर त्यांची कुटुंबं वाट बघत राहतात. या बीजावर लिहायला बसणारा लेखक बहुधा फ्लॅनन बेटांपासून सुरुवात करतो. ही बेटं स्कॉटलंडच्या लुईस बेटाच्या पश्चिमेला, सुमारे ३२ किलोमीटरवर आहेत. डिसेंबर १९०० मध्ये तिथून जेम्स ड्युकॅट, थॉमस मार्शल आणि डोनाल्ड मॅकआर्थर हे तिघे नाहीसे झाले. दीपगृह सुरू होऊन तेव्हा जेमतेम वर्ष झालं होतं. बीज उत्तम आहे, पण बहुतेक हस्तलिखितं ठरावीक जागी अडखळतात.

उलटी खुर्ची आणि रडणारा रखवालदार

टेबलावर अर्धवट जेवण आणि जमिनीवर उलटलेली खुर्ची हे दृश्य १९१२ च्या एका इंग्रजी कवितेतून पसरलं. प्रत्यक्षात स्वयंपाकघरातली भांडी स्वच्छ घासून ठेवलेली होती. ड्युकॅट गप्प गप्प आहे, मॅकआर्थर रडतोय, अशा दिनवहीतल्या नोंदीही बनावट आहेत. त्या एका अमेरिकन सनसनाटी मासिकात १९२९ मध्ये अवतरल्या. खऱ्या नोंदी १३ डिसेंबरपर्यंत वहीत आहेत, आणि पुढच्या, १५ तारखेच्या सकाळी ९ पर्यंतच्या, वहीत उतरवण्याआधी पाटीवर लिहिलेल्या आहेत. त्यात आहे ते वायुभार, तापमान, वारा, दिवा विझवल्याची वेळ. ज्या वहीवर साहेबाची नजर पडणार, तिच्यात हाताखालचा माणूस वरिष्ठाच्या मनःस्थितीबद्दल लिहीत नसतो. एवढं लक्षात घेतलं तरी खोटेपणा कळतो.

बनावट नोंदींचा मोह आवरत नसेल तर कथेतल्याच कुणाला तरी त्या रचायला लावा. का रचल्या, त्यातून कुणाला काय मिळालं, याचं उत्तर मात्र तयार ठेवा.

खुणा आहेत, पण त्यांचा हिशेब लागत नाही

पहिल्या खर्ड्यातला सर्वांत मोठा दोष हाच. लेखक खुणा विखरून ठेवतो, पण त्यांवरून वेळ काढता येत नाही. फ्लॅननवर ती काढता येते. सकाळी ९ ची नोंद पाटीवर आहे, म्हणजे तोवर सगळं नीट होतं. दिव्याची काच पुसलेली, तेल भरलेलं, म्हणजे सकाळचं काम उरकलं होतं. भांडी स्वच्छ, म्हणजे दुपारचं जेवणही झालं होतं. त्याच रात्री ‘आर्क्टर’ नावाची आगबोट जवळून गेली आणि तिला उजेड दिसला नाही, म्हणजे दिवा लावायच्या वेळेआधीच काहीतरी घडलं. डिसेंबरात तिथे दिवस जेमतेम साडेसहा तासांचा असतो आणि साडेतीनच्या सुमारास सूर्य मावळतो. चार साध्या खुणांनी घटना दुपारच्या दोनेक तासांत येऊन बसते. तुमच्या कादंबरीतल्या खुणांची अशीच उतरंड कागदावर मांडा. एखादी खूण काढून टाकली आणि काहीच बिघडलं नाही, तर ती पुस्तकातूनही काढून टाका.

घड्याळाचं थोडं वेगळं. बदलीच्या बोटीने गेलेल्या जोसेफ मूर या रखवालदाराला ते बंद सापडलं, आणि लेखक लगेच ‘मृत्यूच्या क्षणी थांबलं’ असं लिहून मोकळे होतात. किल्लीचं घड्याळ किल्ली संपली की थांबतं, आणि किल्ली देणारा गेल्यानंतरही ते काही काळ चालतच राहतं. त्यावरचे काटे घटनेची वेळ सांगत नाहीत.

पश्चिमेच्या धक्क्याकडचं नुकसानही असंच चुकीचं, नुसता लाटेचा पुरावा म्हणून, वाचलं जातं. समुद्रापासून सुमारे ३३ मीटर उंचीवर दोरांची पेटी होती. ती फुटून दोर विखुरले होते, लोखंडी कठडे वाकले होते. दीपगृहांचे अधीक्षक रॉबर्ट म्युरहेड यांनी ८ जानेवारी १९०१ च्या अहवालात निष्कर्ष काढला, की शनिवारी, १५ तारखेला दुपारी हे लोक पेटी आणि दोर सुरक्षित करायला खाली गेले आणि एका प्रचंड लाटेने त्यांना ओढून नेलं. तेव्हा दोरांची पेटी आधी खाली उतरण्याचं कारण म्हणून वापरा. माणसं धोक्याच्या जागी का गेली हे पटलं, तर शेवट कोणताही असो, वाचक सोबत येतो.

खरा काटा तिसऱ्या माणसाचा आहे. ड्युकॅट आणि मार्शलचे समुद्री बूट आणि पावसाळी कपडे नव्हते. मॅकआर्थरचा कोट मात्र जागेवरच होता, म्हणजे तो सदऱ्यावरच बाहेर पडला. एकाने दिव्यापाशी थांबायचंच हा नियम असताना तो का निघाला? अख्खी कादंबरी या एका प्रश्नावर उभी राहू शकते. पण नियम वाचकाला पहिल्या तीन प्रकरणांत कळला नसेल, तर नियमभंगाचा धक्का बसणार नाही. तीन माणसं ठेवण्यामागेही कारण आहे. वेल्सजवळच्या स्मॉल्स दीपगृहावर दोनच जण असत. १८०१ च्या सुमारास त्यांतला एक वारला, आणि खुनाचा आळ येईल या भीतीने दुसऱ्याने प्रेत समुद्रात सोडलं नाही. त्यानंतर तिघांची पद्धत रुळली.

‘इतके दिवस कुणालाच कसं कळलं नाही?’

वाचक हे विचारणारच. फ्लॅननवर ११ दिवस कळलं नाही, आणि त्याची कारणं होती. बिनतारी यंत्र नव्हतं. लुईसच्या किनाऱ्यावर गॅलन हेडला खुणा बघायला माणूस नेमलेला होता, पण खराब हवेत बेटावरचा दिवा सलग चार चार दिवस दिसत नसे, त्यामुळे अंधाराची कुणाला धास्ती वाटली नाही. ‘आर्क्टर’कडून खबर वेळेवर पोचली नाही. ‘हेस्परस’ ही बदलीची बोट २० डिसेंबरला जायची होती, ती वादळामुळे २६ ला पोचली. उशिराची एवढी कारणं एकत्र आली तर पटतं; नुसतं ‘वादळ होतं’ लिहिलं तर संपादक समासात प्रश्नचिन्ह काढेल.

आणखी एक गोंधळ जागेचा. भरतीला बुडणाऱ्या खडकावरचा मनोरा आणि बेटावरचं ठाणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. बेल रॉकसारख्या मनोऱ्यात एकावर एक गोल खोल्या असतात आणि फिरायला अंगणच नसतं. फ्लॅननला अंगण, फाटक, पायवाटा आणि दोन धक्के होते. आतून कडी घातलेलं दार हवं असेल तर मनोरा घ्या. फ्लॅननचं दार नुसतं लोटलेलं होतं.

बायका फक्त वाट बघतात

मधली शंभर पानं रेंगाळत असतील तर दुखणं बहुधा इथे आहे. कुटुंबांना दुःखाशिवाय दुसरं कामच दिलेलं नसतं. लुईसवर ब्रेसक्लेट इथे रखवालदारांच्या कुटुंबांसाठी घरं होती. चौघांपैकी तिघे बेटावर आणि एक किनाऱ्यावर, सहा आठवडे काम आणि दोन आठवडे घरी, अशी पाळी होती. त्या वेळी किनाऱ्यावरचा चौथा म्हणजे मूर. वाचला कोण, तर ज्याची पाळी नव्हती तो, आणि त्याच्या शेजारी दुसऱ्यांची घरं. ड्युकॅटला चार मुलं होती, मॅकआर्थरला दोन, मार्शल अविवाहित. मॅकआर्थर मुळात आजारी रखवालदाराच्या जागी आलेला बदली कामगार. ‘हेस्परस’च्या कप्तानाने पाठवलेल्या तारेत ड्युकॅट आणि मार्शलची नावं आहेत, तिसऱ्याचा उल्लेख नुसता ‘बदली’ असा आहे. त्याच्या बायकोने ती तार वाचली तर? कायम नोकरीवाल्याची विधवा आणि बदलीवाल्याची विधवा यांच्यात किती अंतर असतं, घर कधी सोडावं लागतं, पैसे कोण देतं, यांवर प्रसंग लिहा.

कथा कोकणात आणताना

खांदेरीचं दीपगृह १८६७ चं, मुंबईचं प्राँग्ज १८७५ चं, त्यामुळे ब्रिटिश काळातली गोष्ट इथे सहज रुजते. डिसेंबरचं वादळ मात्र आणू नका. इथला समुद्र उसळतो तो जून ते ऑगस्टमध्ये, आणि डिसेंबरची रात्र तेरा तासांची असते. थळच्या किनाऱ्यावरून खांदेरी उघड्या डोळ्यांनी दिसते, म्हणून दिवा विझल्याचं त्याच रात्री कोळीवाड्यात कळेल. होड्या ओढून ठेवलेल्या असतील, नारळी पौर्णिमेला अवकाश असेल, तरच ‘दिसतंय पण जाता येत नाही’ असा पेच तयार होतो.

गोष्ट आजची असेल तर कायदा तपासा. सात वर्षं माणसाची काहीच खबर नसेल, तर तो जिवंत आहे हे सिद्ध करण्याचा भार तसं म्हणणाऱ्यावर येतो. पूर्वी हे पुरावा कायद्याच्या कलम १०८ मध्ये होतं, आता भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३ च्या कलम १११ मध्ये आहे. मृत्यू अमुक तारखेला झाला हे मात्र कायदा गृहीत धरत नाही. तारखेवर हक्क अवलंबून असेल तर ती सिद्ध करावी लागते. तिथे पाटीवरची शेवटची नोंद विधवेच्या वकिलाच्या हाती लागते, आणि ती पुसली कुणी हा दुसऱ्या भागाचा प्रश्न होऊ शकतो.