पॅस्टनांची पत्रं वाचायची तर आधी कब्जा कोणाचा ते बघा

माझी सगळी वकिली नागपूरच्या दिवाणी कोर्टात गेली, त्यातही जमिनीच्या दाव्यांत. काटोल, सावनेर, उमरेडकडचे पक्षकार, वाटणीपत्रं, फेरफार, बांधाची भांडणं. त्यामुळे पंधराव्या शतकातलं इंग्लंड समजून घ्यायचंय असं कुणी म्हणालं, की राजांची यादी पाठ करायला मी सांगत नाही. नॉरफोक परगण्यातल्या पॅस्टन घराण्याची पत्रं वाचा म्हणते. पत्रं आणि इतर कागद मिळून हजारभर ऐवज आहे. बहुतेक मूळ कागद ब्रिटिश लायब्ररीत आहेत आणि जुनी छापील आवृत्ती इंटरनेटवर फुकट मिळते. उन्हाळ्याच्या सुट्टीत कूलरसमोर बसून वाचण्याजोगी गोष्ट आहे, फक्त फाईल लावता आली पाहिजे.

सुरुवात वंशावळीने करा, आणि ती कागदावर काढाच. या घरात जॉन नावाचा बाप आणि त्याचे जॉन नावाचेच दोन मुलगे आहेत. दोघंही सख्खे, दोघंही हयात, दोघंही पत्रं लिहिणारे. अभ्यासक त्यांना पहिला, दुसरा, तिसरा जॉन म्हणतात. पहिल्या जॉनचा बाप विल्यम, न्यायाधीश, १४४४ मध्ये वारला. त्याची बायको अ‍ॅग्नेस. पहिल्या जॉनची बायको मार्गारेट. हिचं नाव लाल शाईने लिहा, कारण नवरा लंडनला कोर्टकचेऱ्या करत असताना गावाकडची जमीन सांभाळणारी बाई हीच.

आता तारखा. पत्रावर बहुधा सणाचा उल्लेख असतो, म्हणजे अमक्या संताच्या दिवसानंतरचा बुधवार वगैरे, आणि साल असलंच तर राजाच्या कारकिर्दीचं. सहाव्या हेन्रीचं पहिलं वर्ष १ सप्टेंबर १४२२ ला सुरू होतं, म्हणून त्याचं २८ वं वर्ष म्हणजे सप्टेंबर १४४९ ते ऑगस्ट १४५०. चौथ्या एडवर्डचं मोजायचं ४ मार्च १४६१ पासून. शिवाय त्यांचं नवं वर्ष २५ मार्चला लागायचं. त्यांच्या हिशेबातला फेब्रुवारी १४४९ आपल्या हिशेबात १४५० होतो. पुष्कळ पत्रांवर साल नसतंच, ते संपादकाने मजकुरावरून ठरवलेलं असतं. त्यावर शंका घ्यायला घाबरू नका.

पैशाचं थोडक्यात सांगते. १ पौंड म्हणजे २० शिलिंग, म्हणजेच २४० पेन्स. 'मार्क' हे नाणं नव्हे, हिशेबाचं माप आहे: १३ शिलिंग ४ पेन्स. १४२९ पासून पार्लमेंटमधल्या परगण्याच्या प्रतिनिधीला मत देण्यासाठी वर्षाला ४० शिलिंग उत्पन्नाची स्वतःच्या हक्काची जमीन लागे.

मग खरं काम. प्रत्येक पत्राला पहिला प्रश्न विचारा: आज जमिनीत उभा कोण आहे? मालकी कोणाची, हे नंतर. ग्रेशमचं प्रकरण घ्या. विल्यमने ही जहागीर १४२७ मध्ये विकत घेतली होती. १४४८ च्या फेब्रुवारीत लॉर्ड मोलिन्सने आपला जुना हक्क सांगून ती सरळ ताब्यात घेतली. पॅस्टनांकडे कागद होता, मोलिन्सकडे माणसं होती. पुढे मार्गारेट ग्रेशममध्येच एका घरात जाऊन राहिली आणि तिने नवऱ्याला पत्र धाडलं. ते पत्र पंचनाम्यासारखं सावकाश वाचा. ती लिहिते, की मोलिन्सच्या माणसांनी त्यांच्या ताब्यातल्या घराच्या दारांना आडणे बसवलेत, भिंतींना मारा करायला भोकं पाडलीत. त्यातली बंदुकीसाठीची पाच भोकं जमिनीपासून जेमतेम गुडघाभर उंचीवर आहेत, तिथून धनुष्याने बाण मारता यायचा नाही. आपलं घर बुटकं आहे, त्यात लांब धनुष्य चालणार नाही, म्हणून ओढयंत्राची धनुष्यं (क्रॉसबो) पाठवा, बाण पाठवा, परशू पाठवा. आणि त्याच पत्रात पुढे: एक पौंड बदाम, एक पौंड साखर, मुलांच्या झग्यांसाठी जाडंभरडं लोकरी कापड. माझा ज्युनिअर हे वाचून म्हणाला, "मॅडम, हा तर आपल्या रामटेकच्या मॅटरसारखाच चालून राहिला ना!" परशू सोडले तर तसाच.

जानेवारी १४५० मध्ये तिला त्या घरातून उचलून बाहेर काढलं. पॅस्टनांच्या अर्जात हल्लेखोर हजार होते असं म्हटलंय. इथे वकिलाचं ऐका. अर्जातला आकडा अर्जातलाच असतो, नुकसानभरपाई मागणारा माणूस कमी सांगत नाही. घरच्या पत्रात आणि कोर्टाच्या अर्जात एकच घटना आली, तर घरच्या पत्रावर जास्त भरवसा ठेवा, पण तिथेही लिहिणाऱ्याला काय हवंय ते बघा.

दुसरा प्रश्न: हा माणूस कोणाचा? त्या काळी लहान जमीनदार मोठ्या सरदाराच्या आश्रयाला असे. त्याचा बिल्ला, त्याचा पोशाख, त्याचं संरक्षण. अशा पोशाखी माणसांवर बंदी घालणारे कायदे १३९० मध्ये झाले, १४६८ मध्ये पुन्हा झाले. पुन्हा करावे लागले यातच काय ते आलं. ज्युरीची यादी शेरीफ, म्हणजे परगण्यातला राजाचा अधिकारी, करायचा. १४५१ मध्ये मोलिन्सवर खटला उभा राहिला, तेव्हा शेरीफने सांगून टाकलं, की मोलिन्स सुटेल अशी ज्युरी बसवा असं राजाचं पत्रच माझ्याकडे आहे. हे पॅस्टनांच्या माणसाने घरी कळवलंय. कायद्याची भाषा सगळ्यांच्या तोंडी, पण फायदा वजनदाराचा.

गुलाबांची युद्धं, म्हणजे लँकेस्टर आणि यॉर्क घराण्यांची गादीसाठीची भांडणं, इथूनच बघायची. नॉरफोकमधला केस्टरचा किल्ला सर जॉन फास्टॉल्फ या श्रीमंत लढवय्याचा. तो ५ नोव्हेंबर १४५९ ला वारला, आणि मरणाच्या दोन दिवस आधी त्याने तोंडी मृत्युपत्राने जवळजवळ सगळं पहिल्या जॉनला दिलं, असा पॅस्टनांचा दावा. तोंडी मृत्युपत्र, लाभार्थी स्वतःच वकील! असली केस मी घेतली नसती. दावा वर्षानुवर्षं चालला. १४६९ च्या उन्हाळ्यात वॉरिकच्या अर्लने, एका बड्या सरदाराने, राजालाच, म्हणजे चौथ्या एडवर्डला, नजरकैदेत ठेवलं, आणि नेमकं तेव्हाच नॉरफोकच्या ड्यूकने केस्टरला वेढा घालून किल्ला घेतला. दिल्लीत कोणी नाही म्हटल्यावर गल्लीत काय होतं ते बघा. पॅस्टनांना तो परत मिळाला १४७६ मध्ये, ड्यूक अचानक मेल्यावर.

घराण्याची सल कुठे होती तेही हेरा. विल्यमचा बाप क्लेमेंट साधा शेतकरी, दाणे बुडाखाली घेऊन खोगिराविना घोड्यावर चक्कीला जाणारा, असं विरोधकांनी लिहून ठेवलंय. १३४८–४९ च्या प्लेगनंतर माणसं कमी आणि जमिनी मोकळ्या झाल्या, त्या संधीत असली घराणी वर आली. मग वैऱ्यांनी त्यांना वेठबिगारांचे वंशज ठरवायला घेतलं. १४६६ मध्ये राजाकडून कुलीनतेचा दाखला आणावा लागला.

म्हणूनच १४६९ मध्ये मार्गारेटच्या मुलीने, मार्जरीने, घरच्या दिवाणजीशी, रिचर्ड कॉलशी, गुपचूप लग्न केलं तेव्हा एवढा आगडोंब उसळला. माझ्या बहिणीने फ्रॅमलिंगहॅम गावात मेणबत्त्या आणि मोहरी विकत बसावं याला मी कधीच होकार देणार नाही, असं धाकट्या जॉनने लिहिलंय. नॉरिचच्या बिशपने मुलीला बोलावून नेमके कोणते शब्द उच्चारलेस ते विचारलं. ती म्हणाली, ते पुरेसे नसतील तर निघण्याआधी आणखी पक्के करून जाते. चर्चच्या कायद्याने दोघांची परस्पर संमती पुरे होती, आईबापाची लागत नव्हती. लग्न टिकलं. आईने घराचं दार बंद केलं. कॉल मात्र पुढेही पॅस्टनांचंच काम बघत राहिला, जमिनीचा हिशेब त्याच्याइतका कुणाला ठाऊक होता!

मार्गारेटचं १४८२ चं मृत्युपत्र या सगळ्यानंतर काढा, आधी नको. त्यात मार्जरीच्या थोरल्या मुलाला, जॉन कॉलला, २० पौंड ठेवलेत. अट अशी की तो २४ वर्षांचा झाल्यावर द्यायचे, आणि तो आधीच गेला तर त्याच्या भावांना.