जनरेटर, पंपाचा आवाज कमी कसा करावा

बाहेर ठेवलेलं यंत्र डोकं उठवायला लागलं की बहुतेक जण त्यावर खोका घालायला निघतात. खोका सगळ्यात शेवटी. आधी आवाज नेमका कुठून येतोय ते शोधा.

१. ऐका. यंत्र चालू ठेवून चारी बाजूंनी फिरा. खडखड असेल तर बहुधा सैल पत्रा किंवा बोल्ट. फिरत्या भागांपासून लांब राहून लाकडी काठीने पत्रा जरा दाबा. आवाज थांबला तर चोर सापडला. जनरेटरची फटफट वाढली असेल, तर तो बंद करून थंड झाल्यावर सायलेन्सर पाहा. जोडावर काळे ओघळ दिसले तर तिथून धूर गळतोय.

२. बैठक सुधारा. घरात घुमणारी घरघर अनेकदा हवेतून येतच नाही, ती फरशीतून आणि पाइपातून चढते. यंत्राखाली त्याचं वजन पेलणारे रबरी पॅड टाका. पॅड दगडासारखा टणक असला किंवा पार चपटा झाला, तर तो असून नसल्यासारखा. पंपाला ताठ पाइप असेल तर मध्ये लवचीक तुकडा बसवा, नाहीतर पॅडचा खर्च वाया.

३. जागा बदला. मोकळ्या जागेत अंतर दुप्पट केलं की आवाज साधारण 6 डेसिबलने उतरतो. भिंतींचा कोपरा टाळा, तिथे आवाज आपटून परत येतो. जनरेटर दारं-खिडक्यांपासून किमान 6 मीटर लांब हवा, धुराचं तोंड घराच्या उलट दिशेला. हे आवाजापेक्षा धुरातल्या कार्बन मोनॉक्साइड या विषारी वायूसाठी जास्त महत्त्वाचं.

४. आडोसा उभारा. खिडकीतून यंत्र दिसत असेल तर आडोसा अपुरा आहे. तो जड, बिनफटीचा आणि यंत्राजवळ असावा. कुंड्यांची रांग शोभेला ठीक. नुसता फोमही आवाज अडवत नाही, फक्त आतला घुमार शोषतो.

५. मग खोका. एकूण पृष्ठभागाच्या 1 टक्का जरी उघडा राहिला, तरी 20 डेसिबलहून जास्त घट मिळत नाही. पण हवा तर हवीच! म्हणून झरोक्याला सरळ भोक नको. आतून फोम लावलेली, वळणं घेत जाणारी वाट ठेवा. जनरेटरसाठी मात्र हा उद्योग घरी करू नका: उष्णता कोंडून आग लागू शकते. त्याला उत्पादकाने त्याच मॉडेलसाठी दिलेलं आवरणच बसवा.