बदली झाली म्हणून मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) निघालात? आधी या चुका टाळा

आस्थापना शाखेत टेबल सांभाळलं, पुढे संघटनेचं काम केलं. दरवर्षी माणसं बदलतात, चुका मात्र त्याच. बदलीचा आदेश आल्यावर पहिल्या दोन दिवसांत कर्मचारी जे काही करतो, त्यातलं निम्मं त्याच्याच मुळावर येतं.

सगळ्यांची लाडकी चूक म्हणजे आदेश न स्वीकारणं. 'घेतलाच नाही, तर लागू कसा होईल?' असा भाबडा हिशेब. आमच्या ओळखीचा एक अव्वल कारकून. 2005 च्या बदली कायद्यानुसार मंत्रालयाबाहेरच्या गट क कर्मचाऱ्याला दोन पूर्ण कार्यकाळ, म्हणजे सहा वर्षं मिळतात. याला दीड वर्षात हलवलं, तेही नोव्हेंबरात. मुदतपूर्व (कार्यकाळ संपण्याआधी) आणि मध्यावधी (बदल्यांचा नेहमीचा हंगाम सोडून) दोन्ही, केस सोन्यासारखी. पण शिपाई आदेश घेऊन येतोय म्हटल्यावर पठ्ठ्याने मागच्या दाराने घर गाठलं, व्हॉट्सॲपवर डॉक्टरचा दाखला टाकला आणि मोबाइल बंद. त्याच संध्याकाळी एकतर्फी कार्यमुक्त, म्हणजे जुन्या जागेवरून मोकळा. आदेश घराच्या दाराला डकवला. तिसऱ्या दिवशी नवा माणूस रुजू झाला, कपाटाचं कुलूप पंचांसमक्ष तोडून चार्जही घेतला. दोन महिन्यांनी हा माझ्याकडे आला तेव्हा पगार बंद आणि हातात अनधिकृत गैरहजेरीची नोटीस. खुर्चीवर दुसरा बसलेला, त्यामुळे मॅटमध्ये स्टे, म्हणजे बदलीला स्थगिती, मिळाला नाही. निकाल त्याच्या बाजूने लागला, पण तोवर पुढच्या मे महिन्याच्या बदल्या येऊन ठेपल्या होत्या.

स्टे नसेल तर रुजू व्हायचं. गुजरात विद्युत मंडळाच्या एका कर्मचाऱ्याने ते केलं नाही आणि त्याची नोकरी गेली. सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्ये मंडळाचीच कारवाई कायम ठेवली. रुजू झालात म्हणून आव्हान संपत नाही. मी तर सांगतो, आदेश घ्या, सहीखाली तारीख आणि वेळ टाका, त्याच दिवशी लेखी निवेदन द्या आणि कार्यमुक्त व्हायच्या आत वकिलाकडे पोचा.

दुसरी चूक नस्ती, म्हणजे बदलीची फाइल, न बघण्याची. आदेशात 'प्रशासकीय कारणास्तव' एवढंच असतं. खरी गोष्ट टिपणीत असते. मुदतपूर्व बदलीला त्याच बदली कायद्याच्या कलम 4(5) प्रमाणे लेखी कारण आणि लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता लागते. एका नस्तीत मान्यतेच्या सहीखालची तारीख आदेशानंतरची निघाली. वकिलाला फार बोलावंच लागलं नाही. माहिती अधिकाराच्या तीस दिवसांची वाट बघत बसू नका. मॅटमध्ये अर्ज दाखल करा आणि मूळ नस्ती मागवण्याची विनंती त्यातच करा.

आकसाचा आरोप हौसेने करू नका. करायचाच असेल तर त्या साहेबांना नावानिशी प्रतिवादी करा आणि काय, कधी घडलं ते तारखेसह मांडा. 'साहेबांचा माझ्यावर राग आहे' हे चहाच्या टपरीवर ठीक.

आईचं आजारपण, मुलीची दहावी, पती-पत्नी एकत्रीकरण हे निवेदनात जरूर लिहा. पण धोरणातल्या मार्गदर्शक सूचनांवरून हक्क सांगता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयात एस. एल. अब्बास प्रकरणात 1993 मध्येच ठरलंय. तरी दर वेळी कोणीतरी वीस पानांची करुण कहाणी घेऊन येतोच.

आमदारांचं पत्र जोडू नका. वर्तणूक नियमांत बाहेरून दबाव आणणं हीच गैरवर्तणूक आहे आणि ते पत्र सरकारी वकील तुमच्याच विरुद्ध वाचून दाखवतो.

थेट उच्च न्यायालयात धावू नका. सर्वोच्च न्यायालयाच्या 1997 च्या चंद्रकुमार निकालापासून राज्य कर्मचाऱ्याला आधी मॅट. मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर. जिल्हा परिषदेवाल्यांची वाट मात्र मॅटकडे जात नाही.

आणि शेजारच्या टेबलवाल्याचा जुना अर्ज नाव बदलून वापरू नका. एकाने वापरला होता. तिसऱ्या पानावर गाव तेच राहिलं होतं.