नवी भिंत जुनी कशी करायची

सिनेमाच्या आर्ट डिपार्टमेंटमध्ये, म्हणजे सेट उभारणाऱ्या विभागात, शिरायचं तर पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म संस्थेत कलादिग्दर्शनाचा अभ्यासक्रम आहे; मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयाची मुलंही या कामात बरीच दिसतात. पण सेटवर नव्या असिस्टंटच्या हातात आधी टेप येते. मापं नीट घ्या. दरवाजा चार बोटं अरुंद झाला की कॅमेऱ्याची ट्रॉली अडते आणि सगळं युनिट तुमच्याकडे बघतं.

माझ्याकडे येणाऱ्यांना मी पहिल्यांदा भिंत जुनी करायला लावते. प्लायच्या फ्लॅटवर (सेटच्या भिंतीचा सपाट तुकडा) आधी गडद रंगाचा हात द्या, मग त्यावर फिक्या रंगाचा. वाळला की स्विचबोर्डाभोवती आणि दाराच्या कडेला पॉलिश पेपर मारा, खालचा रंग डोकावेल; माणसांचे हात तिथेच लागतात. खाटेमागे डोकं टेकतं तिथे तेलकट डाग हवा. कॅलेंडर काढलेलं दाखवायचं असेल तर तेवढा चौकोन उजळ ठेवा. सगळीकडे सारखा मळ फासू नका, तो लगेच खोटा वाटतो. (पेंटरदादांशी वाद घालू नका, त्यांना जास्त कळतं.)

भाड्याच्या सामानाचे फोटो आणि पावत्या जपा. शॉट संपला की कपबशी कुठे होती तेही टिपून ठेवा. दुसऱ्या दिवशी विचारणा तुम्हालाच होते.