जुन्या गाडीची हँडब्रेक केबल बदलताना

हँडब्रेकची काढलेली जुनी केबल मागच्या चाकाजवळ जिथे खाली वाकते, तिथे करवतीने कापून बघा. वरचं काळं आवरण बहुतेक वेळा शाबूत असतं. आतून मात्र तांबूस भुकटी गळते, आणि तारेचे पेड गंजाने फुगून नळीला घट्ट धरून बसलेले असतात. मुंबईतल्या जुन्या गाड्यांच्या केबल बहुतेक अशाच जातात. ड्रमजवळच्या रबरी बुटाला, म्हणजे केबलच्या तोंडावरच्या टोपणाला, उन्हापावसाने चिरा पडतात, तुंबलेल्या पाण्यातून गाडी काढली की पाणी आत शिरतं आणि सगळ्यात खालच्या वळणात साचून राहतं. खारी हवा बाकीचं काम करते.

दुसरं कारण आपल्या पार्किंगच्या सवयीत आहे. सोसायटीत एकामागे एक गाड्या लावायच्या असल्या की वॉचमन सांगतो, "न्यूट्रलला ठेवा, हँडब्रेक लावू नका." त्याचंही बरोबर आहे, त्याला गाडी ढकलून वाट करून द्यायची असते. पण त्यामुळे केबल महिनोन्महिने जागची हलत नाही, आणि न हलणारी तार लवकर गंजते. मग एके दिवशी पेडर रोडच्या चढावर किंवा मॉलच्या रॅम्पवर तिची खरोखर गरज पडते.

खालची कृती मागे ड्रम ब्रेक असलेल्या छोट्या गाड्यांसाठी आहे: मारुती 800, झेन, जुनी ऑल्टो, सँट्रो वगैरे. मागे डिस्क असलेल्या गाडीत कॅलिपरकडची जोडणी वेगळी असते.

आधी दोष ओळखा

हँडब्रेकची दांडी वरपर्यंत येते आणि गाडी तरी धरत नाही, एवढ्यावरून केबल गेली असं ठरवू नका. मागचे लायनर (ड्रमला आतून घासून चाक थांबवणारे पट्टे) झिजले असतील किंवा ड्रम आणि लायनरमधलं अंतर राखणारा अ‍ॅडजस्टर जाम झाला असेल, तरी अगदी हेच होतं. गाडीचा मागचा भाग उचलून, दांडी पूर्ण खाली ठेवून दोन्ही चाकं हाताने फिरवा. मग दांडी एकेक टक वर घेत पुन्हा फिरवून बघा आणि कोणतं चाक कितव्या टकेला अडतं ते लिहून ठेवा.

एक चाक चौथ्या टकेला अडलं आणि दुसरं आठव्यालाही मोकळंच फिरतंय, तर त्या बाजूची केबल किंवा ड्रम संशयित. दांडी खाली सोडल्यावरही चाक घासत राहिलं, तर केबल आवरणात अडकलेली असण्याची शक्यता मोठी. खात्री करायची तर दांडीजवळचा ताण देणारा नट ढिला करून त्या केबलची तार हाताने मागेपुढे ओढून बघा. चांगली तार गुळगुळीत सरकते, गंजलेली करकरते किंवा हलतच नाही. दांडी अचानक लुळी पडली असेल, तर तार तुटलीय किंवा टोक हुकातून निसटलंय.

फक्त पावसाळ्यात, गाडी दोनतीन दिवस उभी राहिल्यावर मागचं चाक चिकटत असेल तर गोष्ट वेगळी. तिथे लायनर ड्रमच्या गंजाला चिकटलेला असतो आणि केबल निर्दोष असू शकते. पहिला आणि रिव्हर्स गियर आळीपाळीने टाकून गाडी हलकेच झुलवली की तो सुटतो. ॲक्सिलरेटर दाबून जोर लावू नका, लायनर शूवरून, म्हणजे तो ज्या लोखंडी कमानीवर बसवलेला असतो तिच्यावरून, उखडून येऊ शकतो.

सामान

केबल घेताना मॉडेलचं नुसतं नाव पुरत नाही. वर्ष आणि चासी नंबर सांगा. डाव्या-उजव्या केबलची लांबी बऱ्याच गाड्यांत वेगळी असते. ऑपेरा हाउसच्या किंवा कुर्ल्याच्या सीएसटी रोडवरच्या दुकानांत जाणार असाल, तर जमल्यास जुनी केबल सोबत न्या आणि काउंटरवर दोन्ही शेजारी ठेवून तीन गोष्टी जुळवा: आवरणाची लांबी, दोन्ही टोकांना उघडी राहणारी तार, आणि टोकाची बोंडं (तारेच्या टोकांवरचे धातूचे गोळे). तार 1 सेंटीमीटरने जरी आखूड असली तरी ब्रेक कायम घासत राहू शकतो. जुन्या बाजारातली काढलेली केबल कितीही स्वस्त मिळाली तरी घेऊ नका, आतला गंज बाहेरून दिसत नाही. एकच बाजू गेली असली तरी जोडी बदला. दोघींनी तेवढाच पाऊस पाहिलाय, आणि एक नवी, एक ताणलेली असली की दोन्हीकडे सारखा जोर पोचत नाही.

शिवाय लागेल: दोन मजबूत जॅक स्टँड, 4 लाकडी पाचरी, 10, 12 आणि 14 च्या गोट्या (सॉकेट) व रिंग पाने, मधल्या नटाच्या मापाची मोठी गोटी, नोज प्लायर, स्प्रिंगसाठी पक्कड, गंज सोडवणारा स्प्रे, ब्रेक क्लीनर, उष्णता सोसणारं ब्रेक ग्रीस, नव्या स्प्लिट पिना आणि मास्क. लायनर झिजल्याचा संशय असेल तर त्यांचाही संच आणून ठेवा, नाहीतर ड्रम दोनदा उघडावा लागेल.

खालच्या क्लिपांचे बोल्ट आणि दांडीकडचा नट यांवर आदल्या रात्रीच स्प्रे मारून ठेवा. गंजलेला बोल्ट मुंडी तुटून आत राहिला, तर अर्ध्या दिवसाचं काम दोन दिवसांवर जातं.

गाडी उचलणं

जागा सपाट हवी, पोडियमच्या उतारावर हे काम करायचं नाही. खाली पेव्हर ब्लॉक असतील तर जॅकखाली आणि स्टँडखाली फूटभर रुंद, जाड प्लायवूड ठेवा. पावसात खालची वाळू वाहून गेलेली असते आणि ब्लॉक एका बाजूने खचतो. विटा किंवा दगड टेकू म्हणून नकोत, वीट भाराखाली सूचना न देता फुटते.

गाडी पहिल्या गियरमध्ये ठेवा आणि पुढच्या दोन्ही चाकांना दोन्ही बाजूंनी पाचरी मारा. या गाड्यांना ओढणारी चाकं पुढची असतात, म्हणजे गियर फक्त पुढची चाकं धरतो. मागची पूर्ण मोकळी असतात. म्हणून चाकाचे नट, आणि ड्रमचा मधला मोठा नट असेल तर तोही, चाक जमिनीवर असतानाच अर्धा फेरा ढिला करा. त्या वेळी कुणालातरी ब्रेक पेडल दाबून बसवा. मग गाडी उचलून स्टँडवर टेकवा, हाताने हलवून बघा, आणि नंतरच खाली जा. नुसत्या जॅकवरच्या गाडीखाली एक मिनिटही जायचं नाही.

जुनी केबल काढणं

दांडीचं कव्हर काढलं की दोन्ही केबल समान ओढणारी पट्टी, म्हणजे इक्वलायझर, आणि ताण देणारा नट दिसतो. फोटो काढा आणि नटापुढे किती आटे दिसताहेत ते मोजा. नट फिरवताना टोक पकडीने धरून ठेवा, नाहीतर तारच पिळते.

मग गाडीखाली जाऊन फ्लोअर आणि मागच्या आर्मवरच्या क्लिपा सोडवा. केबल कोणत्या पाइपच्या वरून, कोणत्या ब्रॅकेटच्या आतून जाते याचे फोटो हवेतच. बोल्ट सुटत नाही म्हणून गॅसची ज्योत लावू नका, पेट्रोलची टाकी आणि ब्रेकचे पाइप तिथेच असतात.

आता ड्रम. बऱ्याच छोट्या गाड्यांत ड्रम आणि हब एकच असतात आणि मधल्या नटावर बसतात, काहींत ड्रम नुसता स्टडवर असतो. जुन्या ड्रमच्या आतल्या काठाला झिजेमुळे कड तयार होते आणि ती शूवर अडते. ड्रमच्या तोंडावर दोन आट्यांची भोकं असतील तर त्यांत 8 मिमीचे बोल्ट घालून आळीपाळीने पाव-पाव फेरा आवळा, ड्रम स्वतःच बाहेर सरकेल. काठावर हातोडी मारू नका. ड्रम बिडाचा असतो, त्याचा टवका उडतो.

आतली काळी धूळ फुंकू नका आणि पंक्चरवाल्याकडच्या हवेने उडवूही नका. जुन्या लायनरमध्ये ॲस्बेस्टॉस असू शकतं. मास्क लावून, ब्रेक क्लीनरने भिजवून ओल्या फडक्याने पुसा. ड्रम बाहेर असताना ब्रेक पेडल कुणीही दाबायचं नाही, व्हील सिलिंडरचे, म्हणजे शू बाहेर ढकलणाऱ्या छोट्या सिलिंडरचे, पिस्टन बाहेर येतात.

एका वेळी एकच बाजू खोला. स्प्रिंगांचा गुंता झाला तर दुसरी बाजू नमुना म्हणून समोर राहते. शू धरणाऱ्या पिना दाबून पाव फेरा फिरवल्या की सुटतात. खालची स्प्रिंग काढा आणि मागचा शू बाहेर घ्या. केबलचं बोंड त्याच शूवरच्या लिव्हरच्या हुकात अडकलेलं असतं. केबलवरची स्प्रिंग नोज प्लायरने मागे दाबा, बोंड बाजूला सरकवून काढा.

बॅकप्लेटमध्ये, म्हणजे ड्रममागच्या न फिरणाऱ्या ताटलीत, केबल पसरट पत्र्याच्या पाकळ्यांनी अडकते. पाकळ्या एकेक दाबत बसलात तर तास जातो, एक दाबेपर्यंत दुसरी उघडते. त्यापेक्षा 12 किंवा 13 चा रिंग पाना टोकावरून पाकळ्यांवर सरकवा. सगळ्या एकदम मिटतात आणि केबल मागे ओढली की निघते.

नवी केबल बसवण्याआधी चार गोष्टी तपासा. व्हील सिलिंडरचं रबर किंचित उचलून बघा, आत ओल दिसली तर सिलिंडर बदलल्याशिवाय पुढे जायचं नाही. लायनर 1.5 मिमीच्या आसपास आले असतील तर दोन्ही बाजूंचे बदला. शूवरचं लिव्हर पिनेभोवती सहज फिरायला हवं. ते गंजलेलं असेल तर नवी केबलही अडकल्यासारखीच वागेल, आणि दोष विनाकारण केबलला जाईल. अ‍ॅडजस्टरचा चाकाकार नट साफ करून पूर्ण आटे फिरवून बघा.

नवी केबल

नव्या केबलला तीव्र वळण देऊ नका आणि आत तेल ओतू नका. आतून प्लास्टिकचं अस्तर असलेल्या केबलला तेलाची गरज नसते, उलट त्यात रस्त्याची माती चिकटून खरड तयार होते. रबरी बूट मात्र दोन्हीकडे नीट चढलाय हे बोट फिरवून पाहा, तिचं आयुष्य त्या बुटावर आहे. बॅकप्लेटवर शू जिथे घासतात तिथे ब्रेक ग्रीसचा मुगाएवढा ठिपका पुरे. लायनरला ग्रीसचं बोट लागलं तर क्लीनरने लगेच पुसा.

पाकळ्या बॅकप्लेटमध्ये शिरल्या की 'खट' आवाज येतो. तरी एकदा मागे ओढून खात्री करा. केबल फ्लोअरमधून वर येते तिथला रबरी ग्रोमेट चारही बाजूंनी खाचेत बसवा. तो अर्धवट राहिला तर पहिल्याच मोठ्या पावसात गालिच्याखाली पाणी जाईल आणि गाडीला येणारा कुबट वास महिनाभर जाणार नाही. क्लिपा जुन्या जागीच लावा आणि केबल सायलेन्सरच्या पाइपपासून दूर आहे ना ते बघा.

ड्रम बसवा. मधला नट असेल तर तो त्या मॉडेलच्या मॅन्युअलमधल्या टॉर्कलाच आवळायचा, कारण बेअरिंगचं आयुष्य त्यावर आहे. स्प्लिट पिन नवीनच घाला. काठ ठोकून पक्का करायचा नट असेल, तर नटही नवा घ्या.

ताण देणं: आधी शू, मग केबल

इथे सर्वांत जास्त चुका होतात. केबल ढिली वाटली की नट आवळायचा, ही पद्धत रस्त्यावर सर्रास चालते आणि ती घातक आहे. दांडी खाली असताना ड्रममधलं लिव्हर पूर्ण मागे, आपल्या टेकूवर बसलेलं असायला हवं. केबल जास्त आवळली की ते अर्धवट ओढलेलंच राहतं, आपोआप सेट होणारा अ‍ॅडजस्टर काम थांबवतो, लायनर झिजत जातात आणि ब्रेकचं पेडल हळूहळू खाली जाऊ लागतं. म्हणजे हँडब्रेक दुरुस्त करायला गेलात आणि पायाचा ब्रेक बिघडवलात.

म्हणून केबलचा नट ढिलाच ठेवून आधी शू सेट करा. अ‍ॅडजस्टर हाताने फिरवायचा असेल तर चाक हलकंसं घासेपर्यंत घ्या आणि घासणं थांबेपर्यंत मागे सोडा. आपोआप सेट होणारा असेल तर इंजिन चालू करून पेडल 20-30 वेळा दाबा. पण गाडी आधी न्यूट्रलला आणा, पाचरी जागेवर राहू द्या. दोन्ही चाकं मोकळी फिरू लागली की दांडी आठदहा वेळा जोरात ओढून सोडा, नवं आवरण क्लिपांत बसतं. आता नट आवळत जा. साधारण 20 किलोच्या जोराने ओढल्यावर बहुतेक छोट्या गाड्यांत 5 ते 8 टकांत दोन्ही चाकं जाम व्हायला हवीत. नेमका आकडा मालकाच्या पुस्तिकेत असतो, तोच धरा. दांडी खाली केल्यावर दोन्ही चाकं पुन्हा मोकळी फिरली पाहिजेत. इक्वलायझर तिरका ओढला जात असेल, तर एका बाजूचा शू अजून नीट सेट नाही. तिथे परत जा, नटाने ती चूक झाकू नका.

चाकाचे नट समोरासमोरचे आवळून चाचणी घ्या. मोकळ्या रॅम्पवर, मागेपुढे कुणी नसताना, हँडब्रेक ओढून न्यूट्रल करा आणि पायाचा ब्रेक हळूहळू सोडा. गाडीचं तोंड वर असताना एकदा आणि खाली असताना एकदा. मग 4-5 किलोमीटर चालवून दोन्ही मागच्या चाकांजवळ हात नेऊन बघा. एका बाजूला जास्त धग लागली, तर तिकडे ब्रेक घासतोय.

15 वर्षं पूर्ण झालेल्या गाडीची नोंदणी पुढच्या 5 वर्षांसाठी वाढवायला ताडदेव, अंधेरी, वडाळा किंवा बोरिवलीच्या आरटीओत जाणार असाल, तर हे काम आठवडाभर आधी उरका. नवी केबल पहिल्या 200 किलोमीटरमध्ये बसते आणि दांडी एखाददोन टका जास्त वर येऊ लागते. तेव्हा नट थोडा आवळा आणि चाकाचे नटही पुन्हा तपासा. वॉचमनसाठी न्यूट्रल ठेवायची असेल, तरी उतरण्याआधी दांडी दोनदा पूर्ण ओढून सोडत जा. पाण्यातून आलेली गाडी दोनतीन आठवडे उभी राहणार असेल, तेव्हा मात्र हँडब्रेक लावू नका. गियर टाका आणि चाकांना पाचरी मारा.